अशुद्धिपत्र

११ मे

प्रिय स्वल्पी,

फाडण्याआधी एवढं वाच. मी आजारी नाही, मला काही नको आहे, आणि कुणी गेलेलं नाही. हे शेवटचं लिहायला नको होतं, पण खोडाखोड मला बघवत नाही, तेव्हा राहू दे.

फोन तू उचलत नाहीस. ठीक आहे, मीही उचलला नसता. पत्ता तोच आहे असं जावईबापू मागे एकदा म्हणाले होते, म्हणून पत्र.

बातमी अशी की मला खुर्ची मिळाली नाही. खिडकीजवळची, मुख्य तपासनिसाची. सत्तावीस वर्षं छापखान्यात प्रुफं तपासली, त्यातली शेवटची नऊ वर्षं तर मालक रोज म्हणायचे, "बाई, पुढची खुर्ची तुमचीच." मी तिच्यासाठी एक उशीही शिवून ठेवली होती, पाठीला घ्यायला. खुर्चीवर आता अनुस्वार बसतो. तू त्याला पाहिलेलं नाहीस. नाव मीच ठेवलंय. गोल आहे, लहान आहे आणि सदा कुणाच्या तरी डोक्यावर असतो. सहा वर्षांपूर्वी मीच त्याला शिकवलं, ऱ्हस्व कुठलं आणि दीर्घ कुठलं. कानामागून आला आणि तिखट झाला.

पण दोष त्याचा नाही. दोष माझाच, आणि ऐकशील तर हसशील.

चौथीच्या भाषेची कार्यपुस्तिका होती. बेचाळिसाव्या पानाच्या तळाला छापलं होतं, "प्रश्न दुसरा. पुढील वाक्यांतील चुका दुरुस्त करून वाक्ये पुन्हा लिहा." आणि समोरच्या पानावर, त्रेचाळिसावर, ती दहा वाक्यं. माझ्या हातात त्रेचाळिसावं पान सुटं आलं. मी बघते तर काय, ओळीओळीला चुका! दहा वाक्यांत तेवीस. मी सगळ्या काढल्या. एकही सोडली नाही. वर समासात लिहिलं, "टायपिंग अत्यंत गलथान. लक्ष द्यावे."

तशीच छापली गेली पुस्तिका. अडतीस हजार प्रती. चुका शोधा म्हणून सांगितलंय, आणि चूक औषधालाही नाही.

दोनशे प्रती आधी नमुना म्हणून शाळांना गेल्या होत्या. एका शिक्षिकेनं आपल्या मुलीला तो धडा सोडवायला दिला. पोरगी तासभर पानाकडे बघत बसली आणि मग रडायला लागली, मला एकपण चूक सापडत नाही म्हणून. त्या शिक्षिकेनं मालकांना फोन केला. तिथून सगळं उलगडलं.

मालक ओरडले नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं. नुसतं म्हणाले, "बाई, इतकं शुद्ध काम आजवर कुणी केलं नसेल." दुसऱ्या दिवशी अनुस्वार खिडकीजवळ.

मला काही वाटलं नाही. खरंच सांगते. घरी आले, चहा केला, प्यायचा राहिला, परत गरम केला. एवढंच.

तुझं कसं चाललंय ते विचारत नाही. कळवावंसं वाटलं तर कळव.

आई

२० मे

प्रिय स्वल्पी,

उत्तर आलं नाही. येईल असं धरलंही नव्हतं.

माझं टेबल काढून घेतलं. काढलं म्हणजे कुठे फेकलं नाही, त्यावर आता अनुस्वाराचा छपाईयंत्राएवढा संगणक बसलाय. मी गोदामात असते. पुस्तिका पुन्हा छापायच्या तर मालकांचं दिवाळं निघेल, म्हणून तोडगा असा निघाला की दहा चुकीच्या वाक्यांची एक चिठ्ठी छापायची आणि अडतीस हजार प्रतींत त्रेचाळिसाव्या पानावर हातानं चिकटवायची. छापून झाल्यावर चूक सापडली की पुस्तकात शुद्धिपत्र घालतात, हे तुला माहीत आहे. हे पहिलंच अशुद्धिपत्र असेल. चिकटवायला आम्ही तिघी. मी, आणि बांधणी विभागातल्या दोघी.

पण चिठ्ठीवर छापायचं काय, हाच घोळ झाला. मूळ हस्तलिखित आणि माझी तपासलेली प्रुफंही रद्दीत गेलेली. संगणकावर माझ्या दुरुस्त्या आधीच्या मजकुरावर चढवलेल्या, त्यामुळे तिथेही सगळं सोवळं. पुस्तिकेचे लेखक गुरुजी तर फुरंगटूनच बसले. म्हणाले, "ज्यांनी सुधारली त्यांनीच बिघडवावीत."

म्हणून मालकांनी कोरा कागद माझ्यापुढे ठेवला. दुपारपर्यंत दहा अशुद्ध वाक्यं हवीत.

मला येईनात. हसू नकोस. 'मी' लिहायला घेतलं की हात आपोआप दीर्घ वेलांटी काढायचा. 'आणि' लिहायला घेतलं की ऱ्हस्व. मुद्दाम चुकवायला गेले तर अक्षर इतकं नाटकी यायचं की चौथीतलं पोरही म्हणालं असतं, हे बाईंनी जाणूनबुजून केलंय. मुलं चुकतात तसं चुकणं वेगळं असतं. ती घाईत असतात, त्यांना काहीतरी सांगायचं असतं, आणि त्या नादात वेलांटी इकडची तिकडे होते. मला काही सांगायचं नव्हतं. तीन तासांत एक वाक्य झालं नाही. अनुस्वार येऊन डोकावून गेला. म्हणाला, "मी देऊ का चारपाच?" त्याला सहज जमलं असतं, त्याला अजूनही 'परीक्षा' धड लिहिता येत नाही. मी म्हटलं, "नको."

मग जमली. दहाच्या दहा, एका दमात. गुरुजींना पाठवली, त्यांचा लगेच होकार आला. "वाक्ये साधी, घरगुती आहेत. उत्तम."

कुठून आली ते नंतर कधीतरी लिहीन.

घरी सगळं आहे तसं आहे. भिंतीवरचं तुझं मांजरही आहे. पाच वर्षांची होतीस, खडूनं ते काढलंस आणि मी पुसायला फडकं घेऊन आले तर म्हणालीस, "थांब." मग मांजराच्या पोटाखाली ओळीनं टिंबं दिलीस आणि बाजूला मला 'जैसे थे' लिहायला लावलंस. माझ्या मांडीवर बसून प्रुफं बघत मोठी झालीस ना तू. चुकून काट मारली असेल तर त्या शब्दाखाली टिंबं द्यायची, समासात 'जैसे थे' लिहायचं, म्हणजे अक्षरं जुळवणारा जुळारी त्याला हात लावत नाही, एवढं तुला शाळेआधी कळत होतं. तुझे बाबा म्हणाले होते, "नाव स्वल्पी ठेवलं खरं, पण ही पोरगी सरळ आदेशच देते." झोपायचीस स्वल्पविरामासारखी मुटकुळं करून, म्हणून ते नाव. तुला आठवत नसेल.

ती भिंत मी रंगवलेली नाही.

आई

२ जून

स्वल्पी,

आज सरळ लिहिते. आडवळणं मला जमत नाहीत, आणि गेले चार दिवस झोप नाही.

आमच्या तिघींत एक डिंकवाल्या बाई आहेत. चिठ्ठीला डिंक लावायचं काम त्यांचं, चिकटवायचं माझं, प्रती रचायचं तिसरीचं. या बाईंना वाचता येत नाही. तीस वर्षं पुस्तकं बांधली, एक ओळ वाचलेली नाही. तोंड मात्र अखंड चालू. शुक्रवारी म्हणाल्या, "काय हो वेलांटीबाई, सहा हजार झाल्या असतील, यावर लिहिलंय तरी काय एवढं?" मला छापखान्यात सगळे वेलांटीबाई म्हणतात, तोंडावरसुद्धा.

मी वाचून दाखवलं. चिठ्ठीकडे न बघता, पाठच होतं.

"मी रोज लवकर उठते. खोली रिकामी आहे. पाळणा दुकानात परत दिला. दूध अजून येते. शेजारीण खिडकीतून बघते. मी पडदा ओढून घेते. हे कामावर जातात. घरात आवाज नाही. मला काही सुचत नाही. आई, तू ये."

बोलताना चुका ऐकू येत नाहीत, स्वल्पी. ऱ्हस्व काय आणि दीर्घ काय, बोलताना कुणाला कळतंय! त्या बाईंना नुसतं जे म्हटलं होतं तेवढंच ऐकू आलं. त्यांनी डिंकाचा ब्रश खाली ठेवला. म्हणाल्या, "अगं बाई! मूल गेलं वाटतं तिचं. अजून अंगावर दूध येतंय बिचारीला."

आणि मग म्हणाल्या, "मग? गेली का आई?"

मी म्हटलं, "हा व्याकरणाचा धडा आहे."

"असू दे," त्या म्हणाल्या. "गेली का पण?"

मी पुढची प्रत उघडली आणि चिठ्ठी चिकटवली.

तुला कळलंच असेल. ती दहाही वाक्यं तुझी आहेत. त्या दुपारी कोऱ्या कागदासमोर मला जगातल्या दुसऱ्या कुठल्याच चुका आठवेनात. तुझ्या पत्रातल्या सतराच्या सतरा आठवत होत्या, कुठल्या ओळीत कुठल्या शब्दावर, सगळ्या. मी तुला विचारलं नाही. तुझं दुःख मी अडतीस हजार पोरांना अभ्यासाला लावलं. याला चोरीच म्हणतात, मी दुसरा शब्द शोधत बसत नाही.

आता ते दुसरं. चार वर्षं आपण दोघी ज्याबद्दल बोललो नाही ते.

जावईबापूंचा फोन आला, आठव्या महिन्यात असं असं झालं म्हणून, तेव्हा मी "बरं" म्हणाले. मला आठवतंय, मी "बरं" म्हणाले. छपाईचा हंगाम संपला की येते म्हणाले. बाराव्या दिवशी तुझं पत्र आलं. मी ते छापखान्यात उघडलं, टेबलावर, प्रुफांच्या गठ्ठ्यावर ठेवून. हातात लाल पेन होतं. 'दुध' दिसलं, मी 'दू' केला. 'रीकामी'ची वेलांटी फिरवली. मग खाली खाली जात राहिले. पान संपेपर्यंत मी ते पत्र वाचलंच नाही, तपासलं. तळाला सवयीनं "तपासले" लिहिलं, तारीख घातली, सही केली. आणि संध्याकाळच्या टपालात तुला परत पाठवून दिलं.

पाठवलं का, हे मी स्वतःला चार वर्षं विचारतेय. प्रुफं परत जातात म्हणून, हे एक उत्तर आहे. ते अर्धं खरं आहे. उरलेलं अर्धं असं की ते पत्र मला घरात नको होतं. ते घरात राहिलं असतं तर कधीतरी वाचावं लागलं असतं. आणि तिथं येऊन मी काय करणार होते? मला तुझ्या डोक्यावरून हात फिरवतासुद्धा आला नसता. तुझे बाबा गेले तेव्हा तू माझ्या डोक्यावरून फिरवलास, मी नव्हे. मी भ्याले. आता पन्नाशी उलटून गेल्यावर लिहिते आहे, मी भ्याले होते.

तू लिहिलं होतंस, "आई, तु ये." मी 'तु'चा 'तू' केला, आणि गेले नाही.

डिंकवाल्या बाईंना एका दमात जे कळलं ते मला सहा हजार चिठ्ठ्या चिकटवूनही कळलं नव्हतं. सत्तावीस वर्षं वाचायचा पगार घेतला मी.

सोबत एक चिठ्ठी ठेवते आहे. तुझीच आहे, तुझ्याकडे असावी. मालकांना सांगून उरलेल्या थांबवू का, तेही सांग. तू "थांबव" म्हणालीस तर मी थांबवीन, नोकरी गेली तरी. मी माफी मागते. हे वाक्य मी तीनदा तपासलं, त्यात चूक नाही, पण ते फार लहान दिसतंय.

आई

१३ जून

स्वल्पी,

काही नाही, नुसतं लिहिते.

तुझ्या उत्तराची वाट बघत मी चिकटवायचं काम चार दिवस थांबवलं. मालकांना म्हटलं, वाक्यं बदलायची असतील. कारण सांगितलं नाही. ते म्हणाले, "बाई, आता चुकांतही चुका?" मी म्हटलं, हो. डिंक भांड्यात वाळून गेला. पाचव्या दिवशी त्यांनी हात जोडले. शाळा उघडायला तीनच आठवडे राहिलेत, गाड्या ठरलेल्या आहेत, बांधणीतल्या दोघींना माझ्यामुळे रिकामं बसावं लागतंय. मी पुन्हा चालू केलं. तुला वचन दिलं होतं की तू म्हणशील तसं करीन, आणि तू काही म्हणाली नाहीस. त्याला होकार धरायचा नसतो, मला माहीत आहे. तरी चालू केलं. हेही तुझ्या कानावर असावं.

कालच्या दिवसात सोळाशे चाळीस झाल्या. बोटांना डिंकाची सालं धरलीत. घरी येऊन ती सोलत बसते, तेवढीच करमणूक. वाईट वाटतंय का, तर सांगता येत नाही. डॉक्टरांनी दाढेला सुई दिल्यावर गालाला हात लावला तरी आपला वाटत नाही, तसं आहे. जेवते, कामाला जाते, येते.

एक गोष्ट मात्र आता रोज करते. चिकटवताना प्रत्येक चिठ्ठीचं शेवटचं वाक्य वाचते. तपासत नाही, वाचते. डिंकवाल्या बाईही आता ते मोठ्यानं म्हणतात, पाठ झालंय त्यांना. ब्रश फिरवतात आणि म्हणतात, "आई, तू ये." वर मला विचारतात, "आलं का उत्तर?" मी त्यांना सगळं सांगितलंय. सांगितलं म्हणजे काय, एके दुपारी त्या विचारायच्या थांबेनात, म्हणून सांगून टाकलं. वाटलं, आता ही बाई माझ्या शेजारी बसायची नाही. त्यांच्या हातातली चिठ्ठी डिंकाशिवायच माझ्याकडे आली. हे आमच्या गोदामात प्रथमच घडलं. मग म्हणाल्या, "तुमचं म्हणजे सुंभ जळाला तरी पीळ जाईना. बोलावल्याशिवाय जात नाही म्हणता, आणि बोलावणं तर चार वर्षं हातात घेऊन बसलायत."

मी म्हटलं, ते बोलावणं जुनं झालं. तेव्हा नाही गेले, आता कुठल्या तोंडानं जाऊ? तिनं दार नाही उघडलं तर तिचं बरोबरच आहे.

"मग बाहेर बसा," त्या म्हणाल्या. "पायरी तर असेल ना?"

पण तसं मी येणार नाही. तुझ्या दारात येऊन बसणं म्हणजे पुन्हा माझ्याच मनासारखं करणं झालं. तू नको म्हणायला मोकळी असायला हवीस. न लिहिणं हेही एक म्हणणंच आहे. मी ते वाचायला शिकते आहे.

बाकी, अनुस्वारानं परवा एक पुस्तक तपासून खाली बांधणीला पाठवलं. पहिल्याच पानावर अर्पणपत्रिकेत मोठी चूक तशीच ठेवलेली. गोदामात आलेल्या प्रतीत मला ती दिसली. पूर्वीची मी नाचले असते. आता त्याला बोलावून हळूच दाखवली. तो लाल झाला, म्हणाला, "बाई, खुर्ची तुमचीच होती." मी म्हटलं, "असू दे. तुला शोभत नाही, पण तू तिथं बस. सवय होईल." ती उशी मात्र दिली नाही त्याला. एवढी काही मी सुधारले नाही.

आई

२९ जून

स्वल्पी,

काल शेवटच्या प्रती गेल्या. गोदाम झाडून घेतलं. मालक म्हणाले, "सोमवारपासून वर या, टेबल लावून देतो, अनुस्वाराच्या पलीकडे." मी म्हटलं, बघू.

घरी आले तर दारातल्या पेटीत पाकीट होतं. पत्ता तुझ्या अक्षरात. मी ते उभ्यानं उघडलं नाही, बसले. आत पत्र नव्हतं. माझीच चिठ्ठी होती, अशुद्धिपत्र, घडी पडलेलं.

तू धडा सोडवला आहेस. लाल पेनानं. 'मि'चा 'मी' केलास. 'रीकामी'ची वेलांटी फिरवलीस. 'दीला'चा 'दिला'. 'दुध'वर तुझं पेन जरा थांबलेलं दिसतं, तिथं शाईचा ठिपका मोठा झालाय, पण 'दू' केलास. नऊ वाक्यांत एक चूक सोडली नाहीस. इतकं स्वच्छ काम अनुस्वाराला जन्मात जमणार नाही. तुला हे सगळं येत होतं तर. तेव्हाही येत असणार. त्या दिवशी ती वाक्यं लिहिताना तुझा हात वेलांट्या बघायच्या स्थितीत नव्हता, एवढंच.

तळाला "तपासले" लिहिलंयस. तारीख, आणि सही. मला ते लागलं. लागायलाच हवं होतं. चार वर्षांनी पहिल्यांदा काहीतरी लागलं. मी तिथंच, चपला न काढता, रडले. बराच वेळ. शेजारच्या काकू दार वाजवून गेल्या.

मग दहावं वाक्य पाहिलं.

त्याला तू हात लावलेला नाहीस. 'तु' ऱ्हस्वच आहे. आधी वाटलं, राहून गेलं असेल. मग खिडकीपाशी उजेडात धरलं. 'तु'च्या खाली ओळीनं बारीक टिंबं आहेत, चार. आणि समासात, मांजराशेजारी मी लिहिलं होतं तशाच वळणात, 'जैसे थे'.

सत्तावीस वर्षांत मी पहिल्यांदा रजेचा अर्ज टाकला. डिंकवाल्या बाई गाडीवर सोडायला येते म्हणतात, माझ्यावर त्यांचा विश्वास नाही. पिशवीत दोन साड्या आणि ती खुर्चीची उशी घातली आहे, प्रवासात पाठीला होईल. लाल पेन टेबलावर ठेवलं आहे.

हे पत्र बहुधा माझ्यानंतर पोचेल. पोचलं की तपासू नकोस.

मि निघाले.

आई